मोजणाऱ्यांची मोजणी

१४ जून १९९२ रोजी ब्राझीलमधील रिओ दि जानेरो येथे भरलेली वसुंधरा परिषद संपली. शंभराहून अधिक राष्ट्रप्रमुख तेथे जमले होते. विकास आणि पर्यावरण या दोन गोष्टींचा विचार यापुढे एकत्रच करायचा, असे सर्वांनी मोठ्या गांभीर्याने ठरवले. त्यानंतर चारच दिवसांनी, १८ जून रोजी, वॉशिंग्टनमध्ये जागतिक बँकेच्या अध्यक्षांकडे साडेतीनशेहून अधिक पानांचा एक अहवाल सादर झाला. रिओच्या बातम्यांनी जगभरच्या वर्तमानपत्रांची पाने भरली. त्या मानाने या अहवालाच्या वाट्याला कोपराच आला. परंतु विकासप्रकल्पाचे पर्यावरण तपासायचे म्हणजे नेमके काय करायचे, ते कोणी करायचे आणि मुख्य म्हणजे केव्हा करायचे, हे प्रश्न रिओतील ठरावांपेक्षा या अहवालाने अधिक नेमकेपणाने मांडले, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. अहवाल होता आपल्या नर्मदेविषयी, सरदार सरोवर प्रकल्पाविषयी.

आम्हा बडोदेकरांना केवडिया काही लांब नाही. धरण, कालवा, आंदोलन, मोर्चे, त्यांच्या विरोधातले मोर्चे, हे सर्व आमच्या डोळ्यांदेखत घडले, आणि घराघरांत त्यावरून वादही झाले. त्या वादांत पडण्याचा येथे हेतू नाही. धरण बरे की वाईट यावर दोन्ही बाजूंनी पुष्कळ लिहिले गेले आहे. त्या गदारोळात मागे पडलेली एक हकीकत सांगायची आहे. आज आफ्रिकेत, लॅटिन अमेरिकेत किंवा आशियात कोठेही आंतरराष्ट्रीय कर्जातून रस्ता, धरण वा वीजकेंद्र उभे राहू लागले की पर्यावरणाची तपासणी, बाधितांची तक्रार, बाहेरच्या तज्ज्ञांची चौकशी अशी एक यंत्रणा हलू लागते. त्या यंत्रणेतील बराचसा भाग नर्मदेच्या खोऱ्यात घडला. मात्र ज्या खोऱ्यात तो घडला, त्या खोऱ्याला त्याचा उपयोग फारच थोडा झाला.

जागतिक बँकेचा जन्म १९४४ सालच्या ब्रेटन वुड्स परिषदेतला. युद्धात उद्ध्वस्त झालेल्या युरोपची उभारणी हे तिचे पहिले काम. पुढे ती गरीब देशांकडे वळली. धरणे, महामार्ग, वीजकेंद्रे ही तिची आवडती क्षेत्रे. पर्यावरणाचा विषय तिच्या दप्तरात १९७० साली आला आणि त्यासाठी एक सल्लागार नेमला गेला. दोन वर्षांनी स्टॉकहोमला संयुक्त राष्ट्रांची मानवी पर्यावरण परिषद भरली. यजमान स्वीडनचे पंतप्रधान सोडले तर तेथे जातीने उपस्थित राहणाऱ्या एकमेव पंतप्रधान म्हणजे आपल्या इंदिरा गांधी. त्या काळी पर्यावरण हा श्रीमंतांचा छंद मानला जाई. बँकेतही फारसे वेगळे वातावरण नव्हते. तरी कागदावर प्रगती होत गेली. धरणामुळे उठणाऱ्या माणसांच्या पुनर्वसनाविषयी बँकेने १९८० साली धोरण केले, आदिवासींविषयी १९८२ साली केले. हे सन लक्षात ठेवण्याजोगे आहेत, कारण सरदार सरोवराचे कर्ज मंजूर झाले त्या वेळी ही दोन्ही धोरणे बँकेच्या कपाटात होती.

बँकेला पहिला मोठा चटका बसला तो ब्राझीलमध्ये. पोलोनोरोएस्ते नावाच्या योजनेखाली अ‍ॅमेझॉनच्या जंगलातून पक्का रस्ता काढण्यास बँकेने १९८१ पासून पैसा पुरवला. रस्त्यामागून जमिनीच्या शोधातले लोंढे आले, जंगल जळाले, आदिवासींची वाताहत झाली. ओरड इतकी वाढली की १९८५ साली बँकेला पैसे देणे थांबवावे लागले. १९८७ साली बँकेचे अध्यक्ष बार्बर कोनेबल यांनी चुकीची जाहीर कबुली दिली आणि पर्यावरणाचा स्वतंत्र विभाग काढला. त्याच वर्षी ब्रुंटलँड आयोगाचा अहवाल आला आणि ‘शाश्वत विकास’ हा शब्द सर्वतोमुखी झाला. पुढच्या पिढ्यांच्या गरजांवर घाला न घालता आजच्या गरजा भागवायच्या, अशी त्याची व्याख्या. ऐकायला गोड; पण मोजायची कशी? १९८९ साली बँकेने नियम केला की मोठ्या प्रकल्पाचे पर्यावरणीय मूल्यमापन कर्ज देण्यापूर्वी झाले पाहिजे. नर्मदेचे कर्ज त्याआधी चार वर्षांचे होते.

आता नर्मदेकडे येऊ. धरणाची कोनशिला पंडित नेहरूंनी ५ एप्रिल १९६१ रोजी बसवली. मग राज्याराज्यांत पाण्यावरून भांडण जुंपले. १९६९ साली लवाद नेमला गेला आणि त्याचा अंतिम निवाडा १९७९ साली आला. नदीत वर्षाला २८ दशलक्ष एकरफूट पाणी धरून त्याची वाटणी झाली : मध्य प्रदेशाला १८.२५, गुजरातला ९, राजस्थानला ०.५० आणि महाराष्ट्राला ०.२५. विजेत मध्य प्रदेशाला ५७ टक्के, महाराष्ट्राला २७ आणि गुजरातला १६. धरणाची उंची ४५५ फूट, म्हणजे १३८.६८ मीटर. निवाड्यात एक गोष्ट चांगली होती. ज्याची जमीन जाईल त्याला जमिनीच्या बदल्यात जमीनच, कुटुंबामागे किमान २ हेक्टर, अशी तरतूद त्यात होती. आपल्याकडच्या जुन्या धरणांत, कोयना असो की उकाई, प्रकल्पग्रस्तांच्या हाती काय पडले ते पाहिले तर ही तरतूद काळाच्या पुढेच म्हणावी लागेल.

पण जमीन कोणाची? बुडीत क्षेत्रात २४५ गावे. त्यांपैकी १९३ मध्य प्रदेशात, ३३ महाराष्ट्रात, १९ गुजरातेत. महाराष्ट्रातली गावे तेव्हाच्या धुळे, आताच्या नंदुरबार जिल्ह्यातील अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली. नर्मदेची परिक्रमा केलेल्या वडीलधाऱ्यांकडून वाचकांनी शूलपाणीच्या झाडीच्या कथा ऐकल्या असतील. तेथले भिल्ल ‘मामा’ परकम्मावासीयांना अंगावरच्या लंगोटीपर्यंत लुटतात, आणि तेवढी परीक्षा दिल्यावाचून परिक्रमा पुरी होत नाही, अशी समजूत होती. तीच ही झाडी. तेथल्या भिल्ल-पावरा माणसाने पिढ्यान्‌पिढ्या डोंगरउतारावर ज्वारी-मका पेरला, पण त्याच्या नावाचा सातबारा क्वचितच निघे. महसुली मोजणी जेथे कधी पोहोचलीच नाही अशी वनगावेही तेथे होती. सरकारी दप्तरात हा माणूस ‘अतिक्रमण करणारा’. जमिनीला जमीन या न्यायात तो बसतच नव्हता.

कुटुंबांची संख्याही अशीच हलती राहिली. लवादाच्या वेळी ती सहा-सात हजारांच्या घरात धरली होती. १९८७ च्या सुमारास ती बारा हजारांवर गेली आणि नव्वदच्या दशकाअखेर चाळीस हजारांच्या पुढे. घरांची संख्या एवढी वाढली म्हणून हे घडले असे कोणी म्हणणार नाही. आधी मोजलेच नव्हते, हे त्याचे सरळ कारण. बँकेने १९८३ साली थेयर स्कडर या अमेरिकन मानवशास्त्रज्ञाला खोऱ्यात पाठवले होते. त्यांनी परत जाऊन सांगितले की पुनर्वसनाची धड तयारी येथे झालेली नाही. तरीही मार्च १९८५ मध्ये बँकेने ४५ कोटी डॉलर मंजूर केले : ३० कोटी धरण आणि वीजगृहाला, १५ कोटी कालव्याला. पर्यावरणाचा कार्यक्रम त्याच वर्षाअखेर तयार करू, असे करारात लिहून घेतले होते. ती मुदत नंतर १९८९ पर्यंत वाढवली, आणि १९९२ सालीही तो कार्यक्रम हाती आला नव्हता.

आपल्या केंद्र सरकारची तऱ्हाही याहून वेगळी नव्हती. बँकेचे कर्ज आधी आले, पर्यावरण मंत्रालयाची मंजुरी त्यानंतर दोन वर्षांनी, २४ जून १९८७ रोजी, आणि तीही सशर्त. पाणलोट क्षेत्रातील मातीची धूप रोखण्याची योजना, लाभक्षेत्रातील निचऱ्याची योजना, जंगलातील वनस्पती-प्राण्यांची पाहणी, रोगराईचा अभ्यास, पुनर्वसनाचा संपूर्ण आराखडा अशी कामांची यादी दिली आणि १९८९ पर्यंत अभ्यास पुरे करण्यास सांगितले. तोवर बांधकाम थांबणार नव्हते. अभ्यास आणि बांधकाम बरोबरीने चालावे, असे ठरले. यासाठी सरकारी कागदांत ‘पारी पासू’ असा लॅटिन शब्द आहे. आपल्या साध्या भाषेत, अक्षता पडल्यानंतर पत्रिका जुळते का ते पाहणे.

या ‘बरोबरीने’ शब्दात सगळे नाटक आहे, म्हणून थोडे थांबून पाहू. वरच्या डोंगरांवरचे जंगल तुटलेले असेल तर पावसाबरोबर माती वाहून येते आणि जलाशयाच्या तळाशी बसते. धरणाचे आयुष्य तेवढे घटते. त्यावर उपाय करायचे तर पाणी अडण्यापूर्वी दहा-पंधरा वर्षे बांधबंदिस्ती आणि झाडे लावण्याचे काम व्हायला हवे. काळ्या जमिनीत कालव्याचे पाणी सोडले आणि निचरा नसला की दहा वर्षांत जमीन चिबड होते, क्षार वर येतात. आपल्या साखरपट्ट्यातील शेतकऱ्याला हे सांगायला नको. तेव्हा निचऱ्याची आखणी कालव्याच्या आखणीबरोबर हवी, मागाहून नव्हे. काँक्रीट मात्र ठरल्या दिवशी ओतले जाते, कारण त्याचे बिल निघायचे असते. काँक्रीट आणि झाड यांची बरोबरीने वाढण्याची शर्यत लावली की कोण पुढे जाणार हे पहिल्या दिवसापासून ठरलेले होते.

पुढची हकीकत बहुतेकांना ठाऊक आहे. मेधा पाटकर धुळे जिल्ह्यातील गावांतून काम करू लागल्या, नर्मदा बचाव आंदोलन उभे राहिले. सप्टेंबर १९८९ मध्ये हरसूदला प्रचंड मेळावा झाला. १९९० साली बाबा आमटे आनंदवन सोडून बडवानीजवळ कसरावदला नर्मदाकाठी राहायला आले. त्याच वर्षी जपानने टर्बाइनसाठीच्या पुढील कर्जातून अंग काढून घेतले. वर्ष सरता सरता बाबांच्या पुढारपणाखाली निघालेली संघर्ष यात्रा गुजरातच्या सीमेवर फेरकुव्याला अडवली गेली आणि १९९१ च्या जानेवारीत तेथे दीर्घ उपोषण झाले. सीमेच्या या बाजूला धरणाच्या समर्थनाचे मेळावेही तेवढ्याच त्वेषाने चालले होते. धरण त्यातून थांबले नाही. मात्र बँकेने पूर्वी कधीही न केलेली एक गोष्ट कबूल केली. आपल्याच चालू प्रकल्पाची बाहेरच्या माणसांकडून स्वतंत्र चौकशी करवून घ्यायचे तिने ठरवले.

जून १९९१ मध्ये नेमणूक झाली ब्रॅडफर्ड मॉर्स यांची. गृहस्थ अमेरिकन काँग्रेसचे माजी सदस्य आणि संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाचे माजी प्रमुख. विकासाच्या विरोधक म्हणून त्यांच्याकडे कोणी बोट दाखवू शकत नव्हते. उपाध्यक्ष थॉमस बर्जर हे कॅनडाचे न्यायविद्. सत्तरच्या दशकात मॅकेंझी खोऱ्यातून वायुनळ टाकण्याच्या योजनेची चौकशी त्यांनी केली होती आणि त्यासाठी उत्तरेकडील मूळ रहिवाशांच्या वस्त्यांवर जाऊन त्यांचे म्हणणे ऐकले होते. नर्मदेतही हीच पद्धत अवलंबली गेली. समितीची माणसे गावांतून हिंडली, सरकारी कचेऱ्यांत बसली, आंदोलकांना भेटली आणि बँकेचे आतले कागदही तिने पाहिले. हा शेवटचा अधिकार फार मोलाचा होता.

अहवालाचा निष्कर्ष थोडक्यात असा : आहे त्या परिस्थितीत सर्वांचे पुनर्वसन होणे शक्य नाही, पर्यावरणावरील परिणामांचा पुरता विचार झालेला नाही, आणि याची जबाबदारी भारताइतकीच बँकेवरही आहे. बँकेने मागे सरावे आणि सगळे नव्याने तपासावे. निष्कर्षापेक्षा तपशील अधिक बोलके आहेत. बुडितातील गावांत किमान १ लाख माणसे आहेत, पण कालव्यांनी बाधित होणारे किमान १ लाख ४० हजार शेतकरी कोणाच्या हिशोबातच नाहीत, हे समितीने दाखवले. धरणाच्या खाली समुद्रापर्यंत सुमारे १६० किलोमीटर नदी आहे. पावसाळ्यात हिलसा मासा भरूचच्या खाडीतून वर चढतो, त्यावर हजारो कोळी कुटुंबे जगतात. पाणी अडल्यावर या नदीचे आणि या माशाचे काय होणार, याचा धड अभ्यास सापडला नाही. नदीतील पाण्याच्या २८ दशलक्ष एकरफुटांच्या आकड्यावरही समितीने शंका घेतली.

जंगलाचा हिशोब तर मुळातून वाचावा असा. सुमारे १३,००० हेक्टर जंगल बुडणार होते. त्याची भरपाई म्हणून दुसरीकडे झाडे लावायची. गुजरातने त्यासाठी जागा निवडली कच्छमध्ये. सातपुड्याच्या कुशीतील साग, मोह आणि बांबूच्या बदल्यात कच्छच्या रखरखाटात झाडे. कागदावर हेक्टरला हेक्टर जुळले. इकडे महाराष्ट्रात विस्थापितांना जमीन देण्यासाठी १९९० साली तळोद्याचे २,७०० हेक्टर राखीव जंगल मोकळे करण्यात आले. तेथे आधीपासून दुसरेच आदिवासी शेती करीत होते, त्यांचेही नाव दप्तरात नव्हते. धरणासाठी जंगल गेले, आणि धरणाने उठवलेल्या माणसांसाठी आणखी जंगल गेले. दोन्ही नोंदी वेगवेगळ्या वहीत असल्यामुळे त्यांची बेरीज कोणी केली नव्हती. मॉर्स समितीचे खरे कर्तृत्व मला येथे दिसते. तिने फारशी नवी माहिती शोधून काढली नाही. वेगवेगळ्या खात्यांच्या वह्या एका टेबलावर उघडून ठेवल्या.

बँकेला हे पचणे अवघड होते. तिने लगेच आपले एक पथक पाठवले. ऑक्टोबर १९९२ मध्ये संचालक मंडळाची बैठक झाली. अमेरिका, जपान, जर्मनी, कॅनडा, ऑस्ट्रेलिया आणि नॉर्डिक देश कर्ज थांबवावे या मताचे होते, तरी बहुमताने आणखी सहा महिने देण्याचे ठरले. त्या मुदतीत भारताने पुनर्वसन आणि पर्यावरणाच्या ठरावीक अटी पुऱ्या करायच्या होत्या. मुदत संपत आली तेव्हा अटी पुऱ्या होणार नाहीत हे दिसत होते. ३० मार्च १९९३ रोजी भारत सरकारने उरलेले १७ कोटी डॉलर नकोत असे कळवून टाकले. राष्ट्राच्या स्वाभिमानाची भाषा झाली; आंदोलनाकडे विजयाचे पेढे वाटले गेले. दोन्ही बाजूंना समाधान देणारा असा प्रसंग क्वचितच येतो.

पण मणिबेलीत काय झाले? मणिबेली हे महाराष्ट्रातील बुडितातले पहिले गाव. शूलपाणेश्वराचे जुने देऊळ तेथलेच. ते देऊळ पाण्याखाली गेले, देव गुजरातेत गोऱ्याला नव्या देवळात बसवला गेला. बँक होती तोवर तिच्या करारातील अटी होत्या, वर्षातून एक-दोनदा तिचे पथक येई, त्याला दाखवण्यासाठी का होईना कागद तयार होत. एप्रिल १९९३ पासून हे सगळे संपले. कराराच्या अटी कायद्याने शिल्लक राहतात असे बँकेचे म्हणणे होते. त्या राबवायला जोर लागतो तो पुढच्या हप्त्याचा, आणि पुढचा हप्ता तर आता नव्हता. चौकशी इतकी प्रभावी ठरली की ज्याची चौकशी झाली त्याने दुकानच आवरले.

पैशाचे अडले नाही. त्याच वर्षाअखेर निगमाने रोखे काढले : आज ३,६०० रुपये भरा, वीस वर्षांनी १,११,००० मिळवा. बडोद्यातील कित्येक मराठी घरांत मुलीच्या लग्नासाठी किंवा नातवाच्या शिक्षणासाठी म्हणून हे रोखे घेतले गेले. पुढे २००८ साली गुजरात सरकारने कायदा करून ते मुदतीपूर्वीच परत घेतले, तेव्हा पेन्शनर मंडळींत झालेली चडफड अनेकांना आठवत असेल. या रोख्याच्या अर्जावर तळोद्याचे जंगल किंवा भरूचचा मासा यांविषयी अट असण्याचे कारणच नव्हते.

इकडे वॉशिंग्टनमध्ये धक्का वाया गेला नाही. १९९२ सालीच बँकेच्या वापेनहान्स या अधिकाऱ्याच्या अंतर्गत अहवालाने सांगितले होते की आदल्या आर्थिक वर्षात पुरे झालेल्या प्रकल्पांपैकी ३७.५ टक्के असमाधानकारक आहेत, कारण कर्ज मंजूर करून घेणाऱ्याला बढती मिळते, प्रकल्प नीट चालवणाऱ्याला नाही. मॉर्स आणि वापेनहान्स हे दोन अहवाल एकत्र आल्यावर काही करणे भाग होते. सप्टेंबर १९९३ मध्ये बँकेने तीन सदस्यांचे कायम तपासणी मंडळ स्थापन केले आणि पुढच्या वर्षी ते सुरू झाले. बँकेच्या प्रकल्पाने नुकसान झालेली कोणत्याही देशातील सामान्य माणसे स्वतःच्या सरकारला वळसा घालून थेट तेथे तक्रार करू शकतात. आंतरराष्ट्रीय संस्थांच्या इतिहासात ही गोष्ट नवी होती. पुढे आशियाई विकास बँक आणि इतर संस्थांनीही अशा यंत्रणा उभ्या केल्या. मंडळाच्या अधिकाराची मर्यादा मात्र पाहून ठेवावी. बँकेने स्वतःचे नियम पाळले की नाही, एवढेच ते तपासते. नदीचे बरे झाले की वाईट, हा प्रश्न त्याच्या पुढे येत नाही. आणि प्रकल्प थांबवण्याचा अधिकार त्याला नाही.

या मंडळाकडे पहिली तक्रार ऑक्टोबर १९९४ मध्ये आली ती नेपाळमधून. संखुवासभा जिल्ह्यातील अरुण नदीवर ‘अरुण तीन’ नावाचा जलविद्युत प्रकल्प बँक उभारू पाहत होती. मंडळाने तक्रारीत तथ्य असल्याचे सांगितले आणि ऑगस्ट १९९५ मध्ये नवे अध्यक्ष जेम्स वोल्फेन्सन यांनी त्यातून माघार घेतली. नर्मदेचे ऋण अरुणेच्या काठी फिटले, असे तेव्हा अनेकांना वाटले.

धरणांचा प्रश्न जागतिक पातळीवर तपासावा म्हणून १९९८ साली जागतिक धरण आयोग नेमला गेला. अध्यक्ष दक्षिण आफ्रिकेचे मंत्री कादर अस्माल. सभासदांत मेधाताई, उपाध्यक्ष आपले लक्ष्मीचंद जैन. आयोगाने भारतात यावे ही कल्पना मात्र आपल्या सरकारला रुचली नाही आणि दक्षिण आशियाची सुनावणी कोलंबोला घ्यावी लागली. नोव्हेंबर २००० मध्ये आलेल्या त्याच्या अहवालाने जगातील मोठ्या धरणांनी ४ ते ८ कोटी माणसे विस्थापित झाल्याचा अंदाज दिला. या दोन संख्यांमधील दरी पाहा. चार कोटी माणसे झाली की नाहीत हे जगाला सांगता येत नव्हते.

त्याच्या महिनाभर आधी, १८ ऑक्टोबर २००० रोजी, आपल्या सर्वोच्च न्यायालयाने सरदार सरोवराचा निकाल दिला होता. दोन न्यायमूर्तींनी १९८७ ची मंजुरी वैध मानून काम पुढे नेण्यास परवानगी दिली. तिसरे, न्या. भरूचा, यांचे म्हणणे वेगळे पडले. आवश्यक माहिती हाती नसताना दिलेल्या मंजुरीला मंजुरी म्हणता येणार नाही, तज्ज्ञ समितीने नव्याने मूल्यमापन करावे, तोवर काम थांबवावे, असे त्यांचे मत होते. मॉर्स समितीचा युक्तिवाद आपल्या देशात सर्वांत उंच आसनावरून उच्चारला गेला तो या अल्पमताच्या निकालात. दहा वर्षांनी पर्यावरण मंत्रालयाच्याच देवेंद्र पांडे समितीने तपासून पाहिले तेव्हा पाणलोट, वनीकरण, लाभक्षेत्र या साऱ्या अटींची पूर्तता फार अपुरी आढळली. त्या पुऱ्या होईपर्यंत जलाशय आणखी भरू नये, असे तिने २०१० साली सुचवले. १९८९ ला संपायचे काम २०१० लाही संपले नव्हते. २०१४ मध्ये पूर्ण उंचीला परवानगी मिळाली, १७ सप्टेंबर २०१७ रोजी लोकार्पण झाले आणि सप्टेंबर २०१९ मध्ये जलाशय १३८.६८ मीटरपर्यंत प्रथम भरला.

दुसरी बाजू सांगितल्यावाचून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. नर्मदेचे पाणी सौराष्ट्रात आणि कच्छात पिण्यासाठी पोहोचले. २००८ साली ४५८ किलोमीटरचा मुख्य कालवा ओलांडून राजस्थानात गेले. उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणाऱ्या गावांतील बाईला या पाण्याचे मोल आपण सांगायला नको. पण खालच्या अंगाला भरूचजवळ खाडीचे खारे पाणी वर सरकत आले, आणि ते रोखण्यासाठी भाडभूतला नदीच्या मुखाशीच आणखी एक मोठा बंधारा घालावा लागणार म्हणून २०१७ साली त्याचे भूमिपूजन झाले. १९९२ च्या अहवालात हिलसाविषयी जी पाने आहेत ती या भूमिपूजनाच्या दिवशी कोणी वाचली असतील असे वाटत नाही. कच्छच्या बाईचा हंडा आणि भरूचच्या कोळ्याचे जाळे यांपैकी एकाच गोष्टीचा आकडा सरकारी पुस्तिकेत छापला जातो.

कच्छवरून आणखी एक आठवले. २००८ साली जागतिक बँक समूहातील वित्त महामंडळाने मुंद्र्याच्या ४,००० मेगावॉटच्या कोळशावरील वीजकेंद्रासाठी कर्ज दिले. योगायोग असा की रक्कम तीच, ४५ कोटी डॉलर. मच्छीमारांनी २०११ साली महामंडळाच्या तक्रार अधिकाऱ्याकडे धाव घेतली. २०१३ च्या तपासणीत महामंडळाच्या हलगर्जीपणावर बोट ठेवले गेले, पण फारसे काही हलले नाही. मग मच्छीमार अमेरिकेच्या न्यायालयात गेले. फेब्रुवारी २०१९ मध्ये तेथल्या सर्वोच्च न्यायालयाने सात विरुद्ध एक मतांनी सांगितले की अशा संस्थांना खटल्यापासून संपूर्ण संरक्षण नाही. तत्त्व जिंकले. खटला मात्र पुढे खालच्या न्यायालयांत टिकला नाही, कारण नुकसानीला जबाबदार कृती अमेरिकेत घडलेली नाही असे ठरले.

शेवटी अरुणेचे काय झाले तेही सांगितले पाहिजे. ११ मे २०१८ रोजी काठमांडूहून भारत आणि नेपाळच्या पंतप्रधानांनी ‘अरुण तीन’ची कोनशिला बसवली. दरी तीच, नदी तीच. क्षमता आता ९०० मेगावॉट. बांधणारी कंपनी सतलज जलविद्युत निगम, भारत सरकार आणि हिमाचल प्रदेश सरकार यांच्या मालकीची. कर्ज भारतीय आणि नेपाळी बँकांचे. जागतिक बँकेचा यात एक डॉलरही नसल्याने तिच्या तपासणी मंडळाला येथे कसलाही अधिकार पोहोचत नाही. १९९४ साली ज्या खोऱ्यातून त्या मंडळाकडे पहिली तक्रार गेली, तेथल्या शेतकऱ्याने आज पुन्हा अर्ज लिहायला घेतला तर पाकिटावर काठमांडूचा, नाहीतर निगमाचे मुख्य कार्यालय जेथे आहे त्या सिमल्याचा पत्ता घालावा लागेल.